ऊन सर्वांचे, गच्ची कोणाची?

‘अनुदान’ हा शब्द आम्हां सरकारी नोकरांच्या तोंडी इतका रुळला आहे, की त्याच्या घडणीकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. दान म्हणजे देणे आणि ‘अनु’ म्हणजे मागून किंवा अनुसरून. शब्दाची ही फोड पंडितांना मान्य होवो वा न होवो. आमच्या कामापुरता तिच्यातून एक विचार निघतो. दाता आपल्या पदरचे देतो तेव्हा ते दान. ते कोणाला दिले व का दिले, हे त्याला पुसण्याची चाल नाही. अनुदान हे देणाऱ्याच्या पदरचे नसते. ते सर्वांच्या पैशातून निघते, आणि म्हणूनच ते कशाला अनुसरून निघाले हे पुसण्याचा हक्क सर्वांना असतो. खताचे अनुदान पिकाला अनुसरून चालते, शाळेचे विद्यार्थ्याला अनुसरून. घराच्या गच्चीवर सौर वीज तयार करण्यासाठी आणि ती बॅटरीत साठवण्यासाठी जे अनुदान दिले किंवा मागितले जाते, ते कशाला अनुसरून चालावे, एवढाच प्रश्न आम्हांस येथे विचारात घ्यावयाचा आहे. प्रश्न विजेचा दिसतो. मुळात तो न्यायाचा आहे.

प्रथम वस्तुस्थिती पाहू. फेब्रुवारी २०२४ मध्ये केंद्र सरकारने ‘पीएम सूर्यघर : मुफ्त बिजली योजना’ सुरू केली. एक कोटी घरांवर सौर पॅनेल बसविण्याचे उद्दिष्ट आणि त्यासाठी ७५,०२१ कोटी रुपयांची तरतूद असे तिचे स्वरूप ठरले. पहिल्या दोन किलोवॅटसाठी दर किलोवॅटमागे ३०,००० रुपये, तिसऱ्यासाठी १८,००० रुपये आणि कोणत्याही एका घराला एकूण ७८,००० रुपयांहून अधिक नाही, असा तिचा हिशेब आहे. एका किलोवॅटला सावली नसलेली सुमारे शंभर चौरस फूट जागा लागते आणि तिच्यातून महिन्याला साधारण शंभर ते एकशेवीस युनिट वीज मिळते. दिवसा घराला लागेल तेवढी वापरावी, उरलेली तारांवाटे बाहेर सोडावी, रात्री लागेल ती त्याच तारांवाटे परत घ्यावी. ‘नेट मीटर’ दोन्हींचा जमाखर्च मांडतो. या योजनेतील अनुदान पॅनेलच्या क्षमतेवर मोजले जाते. घरात बॅटरी ठेवण्यासाठी वेगळे अनुदान तिच्यात नाही.

आपल्या संविधानाच्या २८२ व्या अनुच्छेदाने संघाला व राज्यांना कोणत्याही सार्वजनिक प्रयोजनासाठी अनुदान देण्याची मुभा दिली आहे. ‘सार्वजनिक प्रयोजन’ हे दोन शब्द टिपणीवर लिहावयास सोपे आहेत. परंतु गच्ची खाजगी, पॅनेल खाजगी, कमी झालेले बिलही खाजगी. मग यात सार्वजनिक ते काय? आणि जे सार्वजनिक असेल, ते सर्वांपर्यंत पोचते कोणत्या वाटेने?

कलकत्त्यात राहणाऱ्याला हा प्रश्न पुस्तकात शोधावा लागत नाही. मान वर केली की पुरे. उत्तरेकडे श्यामबाजार, बागबाजार भागांतली जुनी घरे आहेत. तेथे एका गच्चीला अनेक वारस, आणि कपडे वाळत घालण्याच्या दोऱ्यांवरूनही मतभेद व्हावेत अशी दाटी. दक्षिणेकडे जुने बंगले पाडून चार-पाच मजली इमारती उभ्या राहिल्या. त्यांत घर विकत घेतलेल्यालाही गच्चीचा केवळ एक अंश मिळतो आणि भाडेकरूला तेवढाही नाही. वस्त्यांमध्ये कौले आणि पत्रे. तेथे पॅनेलचे वजन पेलणारे छप्परच नाही. आणि आमच्या-तुमच्यासारखे बदलीवर आलेले लोक सरकारी वसाहतीत राहतात. दोन-चार वर्षांनी गाशा गुंडाळावयाचा, त्यांना गच्चीशी काय कर्तव्य? पहाटेच्या कॅनिंग लोकलने ढाकुरियाला किंवा यादवपूरला उतरून चार घरची भांडी घासणाऱ्या बाईचा विचार केला, तर ती या योजनेच्या दारापर्यंतही येत नाही. तिचा पैसा मात्र तिजोरीपर्यंत येतो. साबणावर, चपलेवर, मोबाइलच्या रिचार्जवर ती कर भरते. तो कर ७५,०२१ कोटींतला फार लहान थेंब असेल. तरी तो तिचा थेंब आहे.

ऊन सर्वांचे आहे, हे आपण सहज म्हणून जातो, आणि ते खरेही आहे. परंतु ऊन पकडावयाला गच्ची लागते, आणि अनुदान वजा जाता उरलेला खर्च प्रथम घालावयाला गाठीला पैसा किंवा बँकेत पत लागते. ज्याच्यापाशी या गोष्टी आहेत त्याच्याकडे अनुदान आपोआप वाहत जाते. पाणी उताराकडे जाते. हे अनुदान चढाकडे जाते. याचा अनुभव एकट्या आपल्यालाच येतो असे नाही. जर्मनीने २००० साली कायदा करून सौर विजेला दीर्घ मुदतीचा हमीभाव दिला आणि त्याचा भार सर्व ग्राहकांच्या वीजबिलांवर अधिभार म्हणून टाकला. २०१७ मध्ये तो युनिटमागे ६.८८ सेंटपर्यंत चढला. ज्या देशात निम्म्याहून अधिक लोक भाड्याच्या घरात राहतात, तेथे भाडेकरूने आपल्या बिलातून घरमालकाच्या छपराला हातभार लावावा, असा तो व्यवहार झाला. अखेर जुलै २०२२ मध्ये हा अधिभार बिलांवरून काढून टाकण्यात आला आणि खर्च सरकारी तिजोरीने उचलला.

येथे थांबून अनुदानाचा निषेध करणे सोपे आहे. पण ते न्यायाला धरून होणार नाही. दुसऱ्या बाजूलाही वजनदार गोष्टी आहेत. कलकत्त्याच्या दिव्यांना लागणारी वीज मुख्यतः कोळशातून येते. शहराबाहेर गंगेकाठी बजबज येथे ७५० मेगावॅटचे औष्णिक केंद्र आहे. आमच्या खोलीतल्या दिव्याचा धूर आमच्या खोलीत येत नाही, तो दुसऱ्या कोणाच्या तरी अंगणात जातो. गच्चीवरच्या पॅनेलमधून निघालेले प्रत्येक युनिट हा धूर तेवढा कमी करते, आणि तो लाभ गच्चीवाल्यापुरता नसतो. शिवाय दुपारी उरलेली वीज तारेवर गेली की ती शेजारच्याच घराच्या पंख्याला लागते. ती वीज कोणाच्या गच्चीवरची हे पंखा विचारीत नाही. तिसरी गोष्ट अशी, की २०१० नंतरच्या दहा वर्षांत जगात सौर पॅनेलची किंमत सुमारे नव्वद टक्क्यांनी उतरली, आणि त्या उताराला जर्मनीतल्या त्या महागड्या प्रारंभीच्या खरेदीने मोठा हातभार लावला. जर्मन भाडेकरूने सोसलेल्या अधिभाराचा एक अंश आज भारतातल्या खेड्यात स्वस्त दिव्याच्या रूपाने पोचला आहे. सर्वांना गच्ची मिळेपर्यंत कोणालाच काही देऊ नये असे म्हटले असते, तर हा दिवा पेटलाच नसता.

तेव्हा अनुदान असावे की नसावे, हा खरा वादविषय नव्हे. सर्वांच्या पैशाने एखादी खाजगी वस्तू उभी राहिली, की त्या वस्तूवर सर्वांचे काही ऋण चढते काय, हा खरा वादविषय आहे. आणि या प्रश्नाचे उत्तर शोधावयास मराठी माणसाला दूर जावे लागत नाही. ते आपल्या इतिहासात पाण्याच्या काठी लिहिलेले आहे.

४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबईच्या विधिमंडळात सीताराम केशव बोले यांनी मांडलेला ठराव संमत झाला. सार्वजनिक पैशातून बांधलेले किंवा राखलेले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा अस्पृश्य मानलेल्या लोकांना खुल्या असाव्यात, असा त्याचा आशय होता. महाडच्या नगरपालिकेने १९२४ मध्ये चवदार तळे खुले केल्याचा ठराव केला, आणि ठराव कागदावर राहिला. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकरांनी हजारोंसह त्या तळ्याचे पाणी प्राशन केले तेव्हा कागदावरच्या शब्दाला अर्थ आला. पुढे संविधानाच्या पंधराव्या अनुच्छेदात, राज्याच्या पैशातून पूर्णतः वा अंशतः राखलेल्या विहिरी, तलाव, घाट, रस्ते यांच्या वापराबाबत कोणावरही भेदभावाचे निर्बंध घालता येणार नाहीत, हे तत्त्व आले. अस्पृश्यतेच्या अन्यायाशी वीजबिलाच्या प्रश्नाची बरोबरी करण्याचा अविचार आम्ही करणार नाही. तो माणुसकीचा प्रश्न होता. हा वाटणीचा आहे. परंतु त्या लढ्यातून जे तत्त्व हाती आले, त्यातला ‘अंशतः’ हा शब्द आम्हांस फार मोलाचा वाटतो. सर्वांचा पैसा पूर्ण लागला नसेल, थोडाच लागला असेल, तरी दार बंद करण्याचा हक्क तेवढ्याने मर्यादित होतो. आणि अनुदान म्हणजे दुसरे काय? सर्वांचा अंशतः पैसा.

यावर कोणी म्हणेल की तळे सार्वजनिक होते, गच्ची तशी नाही. खरे आहे, गच्चीवर कोणी चढून यावे असे आम्ही म्हणत नाही. पण महात्मा फुले यांनी १८६८ मध्ये पुण्यातला आपल्या घरचा हौद अस्पृश्यांना खुला केला, तो तर त्यांचा स्वतःचा होता, त्यात सरकारचा छदामही नव्हता. जे त्यांनी आपल्या पैशाच्या वस्तूबाबत केले, त्याचा काही अंश दुसऱ्याच्या पैशाच्या वस्तूबाबत आपल्याकडून अपेक्षिला, तर ती अपेक्षा अतिरेकी म्हणता येणार नाही.

ही कसोटी हाती घेतली, की पॅनेल आणि बॅटरी यांच्यातला नैतिक फरक स्पष्ट दिसू लागतो. तारांना जोडलेले पॅनेल स्वभावतःच उघडे आहे. मालक घरी नसताना, झोपेत असताना, शेजाऱ्याशी अबोला असतानाही ते उरलेली वीज बाहेर देते. बॅटरीचा स्वभाव याच्या उलट. दुपारचे बाहेर जाणारे ऊन ती घरातच अडवून ठेवते. ती कणगी आहे. आणि कणगी भरून ठेवणे हा काही दोष नव्हे. आपल्या घरातल्या बायकांनी पिढ्यान् पिढ्या दुष्काळाच्या भयाने ती भरून ठेवली. प्रश्न एवढाच, की माझी कणगी सर्वांच्या धान्याने का भरावी?

बॅटरी मागणाऱ्याची बाजूही ऐकून घेतली पाहिजे. कलकत्त्याला अंधाराची आठवण जुनी आहे. विसाव्या शतकाच्या आठव्या व नवव्या दशकांत ‘लोडशेडिंग’ हा शब्द येथे बंगालीच होऊन गेला. पुढे २० मे २०२० रोजी अम्फान वादळ आले; हजारो झाडे पडली, आणि शहराच्या कित्येक भागांत दिवसचे दिवस वीज नव्हती. अशा वेळी गच्चीवरचे पॅनेलही कामाचे नाही, हे पुष्कळांना ठाऊक नसते. केवळ तारांशी बांधलेली सौर यंत्रणा, तारांतली वीज गेली की स्वतःही बंद पडते. तशी ती मुद्दाम केलेली असते. नाहीतर खांबावर दुरुस्ती करणाऱ्या तारकऱ्याला गच्चीवरून आलेल्या विजेचा धक्का बसेल. म्हणजे भर उन्हात डोक्यावर पॅनेल आणि घरात पंखा बंद, अशी अवस्था होते. ज्याच्या घरी प्राणवायूच्या यंत्रावर माणूस आहे, ज्याला इन्सुलिन थंड ठेवावयाचे आहे, त्याने बॅटरी मागितली तर ती चैन म्हणता येणार नाही.

परंतु या युक्तिवादातून निघते ते एवढेच, की बॅटरीचे अनुदान गरजेला अनुसरून चालावे. गच्चीला अनुसरून चालावे, हे त्यातून निघत नाही. वादळाच्या रात्री एक रुपया खर्चावयाचा असेल, तर तो बंगल्यातल्या पाहुण्यांच्या खोलीवर खर्चावा की सुंदरबनातल्या वादळ-निवाऱ्यावर आणि आरोग्यकेंद्रावर, याचे उत्तर कोणत्याही नीतिग्रंथाशिवाय देता येते.

आता बॅटरी शेजाऱ्याला उघडी करता येते काय? येते, आणि तेथेच तिच्या अनुदानाला आधार मिळू शकतो. विजेची खरी ओढाताण सूर्य मावळल्यावर होते. घरोघरी दिवे, पंखे, दूरदर्शन संच, वातानुकूलन यंत्रे एकदम सुरू होतात, आणि सौर वीज तर गेलेली असते. त्या दोन-चार तासांत हजारो घरच्या बॅटऱ्यांनी थोडी थोडी वीज तारांवर सोडली, तर कोळशाचे तेवढे केंद्र कमी चालवावे लागते. ऑस्ट्रेलियाने १ जुलै २०२५ पासून घरगुती बॅटरीच्या किमतीत सुमारे तीस टक्के सूट देणारी योजना सुरू केली. वीजजाळ्याला जोडलेली बॅटरी अशा सामुदायिक वापराला योग्य असलीच पाहिजे, अशी अट तिच्यात आहे. परंतु त्या वापरात प्रत्यक्ष सामील होणे मालकाच्या मर्जीवर ठेवले आहे. दार केले आहे, पण कडी आतून आहे. त्याच सरकारने नोव्हेंबर २०२५ मध्ये आणखी एक योजना जाहीर केली. जुलै २०२६ पासून काही राज्यांत दुपारचे निदान तीन तास घरांना मोफत वीज देऊ करावी, आणि तीत भाडेकरूंनाही व सदनिकांत राहणाऱ्यांनाही स्थान असावे, अशी ती आहे. ज्यांना गच्ची नाही त्यांना उन्हाचा वाटा द्यावयाचा राहिला होता, याची ही एक प्रकारे कबुलीच होय.

आपल्या देशाने या बाबतीत निराळी वाट धरली आहे आणि ती आम्हांस अधिक न्याय्य वाटते. सप्टेंबर २०२३ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने मोठ्या, वीजजाळ्याला जोडलेल्या बॅटऱ्यांसाठी भांडवली खर्चाच्या चाळीस टक्क्यांपर्यंत साहाय्य देण्याची योजना मंजूर केली. आणि अशा प्रकल्पांची निदान पंच्याऐंशी टक्के क्षमता वीजवितरण कंपन्यांना उपलब्ध व्हावी, ही अट घातली. म्हणजे अनुदान साठवणीला आहे, पण साठवण सामाईक आहे. दक्षिण दिल्लीत किलोकरी येथील उपकेंद्रात २०२५ मध्ये २० मेगावॅटची बॅटरी उभी राहिली. तिच्या विजेवर जितका हक्क बंगलेवाल्याचा तितकाच एका खोलीच्या भाडेकरूचा. आणि साठवण म्हटली की बॅटरीच आठवावी असेही नाही. पुरुलियाच्या अयोध्या डोंगरावर २००७-०८ पासून ९०० मेगावॅटचा जलसंचय प्रकल्प चालू आहे. मागणी कमी असताना पाणी वर चढवावयाचे आणि मागणी वाढली की खाली सोडावयाचे. आपल्या सह्याद्रीतले घाटघर याच जातीचे, २५० मेगावॅटचे. बंगालची सर्वांत मोठी कणगी डोंगरावर आहे आणि ती कोणा एकाच्या घरात नाही, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

सामाईक साठवणीचा याहून जवळचा, आणि आमच्या मते अधिक शिकविणारा धडा सुंदरबनात सापडतो. १९९६ मध्ये पश्चिम बंगालच्या अपारंपरिक ऊर्जा संस्थेने सागर बेटावर कमलपूर येथे २६ किलोवॅटचे सौर केंद्र उभारले. मुख्य भूमीवरून नदी ओलांडून तार आणणे तेव्हा आवाक्याबाहेर होते. दिवसभराचे ऊन बॅटऱ्यांत भरावयाचे आणि संध्याकाळपासून काही तास गावाला वीज द्यावयाची, अशी रचना होती. उभारणीला सरकारचा पैसा लागला. चालविण्यासाठी ग्राहकांची सहकारी संस्था झाली आणि घरोघरचे लोक मासिक आकार भरू लागले. बॅटरी सर्वांची होती, म्हणून तिला मर्यादाही सर्वांची होती. एकाने ठरल्याहून अधिक वीज ओढली, तर दुसऱ्याच्या मुलाची वही अंधारात जाणार, हे प्रत्येकाला दिसत होते. पुढे मुडीगंगा ओलांडून तारा बेटावर आल्या आणि अशा केंद्रांची गरज उरली नाही. तरी त्या वर्षांत एक गोष्ट सिद्ध झाली. अनुदानाचा पैसा सामाईक वस्तूत घातला, तर तो वस्तूबरोबर एक शिस्तही निर्माण करतो. तोच पैसा घरोघर वाटला असता तर कदाचित अधिक दिवे लागले असते. ती शिस्त लागली नसती.

मालकीच्या या विचारात एक गोष्ट सहसा विसरली जाते, ती बॅटरीच्या मरणाची. प्रत्येक बॅटरी काही वर्षांनी मरते. शिशाची असेल तर लवकर, लिथियमची असेल तर उशिरा. जुन्या बॅटरीतले शिसे काढण्याच्या अनियंत्रित भट्ट्या लहान मुलांच्या रक्तात विष भरतात. जगातल्या सुमारे ऐंशी कोटी मुलांच्या रक्तात शिशाचे प्रमाण चिंता वाटावी इतके आहे, असा अंदाज युनिसेफच्या २०२० मधील अहवालाने मांडला, आणि त्याचे एक प्रमुख कारण म्हणून अशा भट्ट्यांकडे बोट दाखविले. आपल्याकडे ऑगस्ट २०२२ मध्ये नियम झाले आणि जुनी बॅटरी परत घेण्याची जबाबदारी उत्पादकावर आली. पण जो वस्तू विकत घेण्यास साहाय्य करतो, त्याने तिच्या अंत्यविधीचीही चौकशी केली पाहिजे. दिवा एका घरात आणि शिसे दुसऱ्याच्या मुलात, अशी वाटणी अनुदानाने होऊ नये.

आता आपल्यापुरते बोलू. या मासिकाच्या वाचकांपैकी पुष्कळजण निवृत्तीनंतर पुण्याला, नागपूरला, कोल्हापूरला परत जातील. काहींची घरे तेथे बांधूनही झाली असतील, आणि त्यांच्या गच्च्यांवर सूर्यघर योजनेची पॅनेल बसतील. ७८,००० रुपये घेण्यात लाज वाटण्याचे कारण नाही. योजना त्यासाठीच आहे. मात्र ते पैसे आपल्या चतुराईचे बक्षीस नव्हे, त्यांच्याबरोबर एक ऋण येते, एवढे मानले पाहिजे. नेट मीटर असलेल्या घराला रात्रीची बॅटरी लागत नाही, कारण तारांचे जाळेच त्याची बॅटरी होते. दिवसा ठेवलेले युनिट रात्री जसेच्या तसे परत मिळते. ते मधल्या वेळात सांभाळणाऱ्या तारांचा, रोहित्रांचा, माणसांचा खर्च पॅनेल नसलेल्या ग्राहकाच्या बिलात जातो. याच कारणाने कॅलिफोर्नियाने एप्रिल २०२३ पासून नव्या सौर ग्राहकांना बाहेर दिलेल्या विजेचा मोबदला पुष्कळ कमी केला आणि तेथे मोठा गहजब झाला. उद्या आपल्या नियामक आयोगाने तारांचे भाडे मागितले, तर ते किती असावे यावर वाद जरूर घालावा. ते असूच नये असे म्हणणारा मनुष्य तळ्याच्या काठावर उभे राहून दुसऱ्याला घागर बुडवू न देणाऱ्याच्या जवळ जातो.

ऋणाचा दुसरा हप्ता बोलण्याचा आहे. गृहनिर्माण संस्थांच्या सामाईक सोयींसाठी याच योजनेत किलोवॅटमागे १८,००० रुपये आहेत. ज्या संस्थेत आपले घर असेल, तिच्या सभेत तो विषय आपण काढू शकतो. दिल्लीच्या वीज नियामक आयोगाने २०१९ मध्ये अशी व्यवस्था केली, की एका ठिकाणच्या सौर केंद्रातली वीज अनेक ग्राहकांच्या बिलांत वाटून वळती करता यावी. त्या व्यवस्थेत गच्ची एका जागी आणि लाभ दुसऱ्या जागी असू शकतो. गच्ची नसलेल्याला उन्हाचा वाटा देण्याची वाट म्हणजे हीच. ती सर्व राज्यांत रुंद झाली, तर शाळेच्या किंवा बाजाराच्या छपरावरचे दोन किलोवॅट कॅनिंग लोकलने येणाऱ्या बाईच्या नावावर लागू शकतील. आणि तिच्या थेंबाची पोच तिला मिळेल.

राहिले आमचे कचेरीतले काम. अनुदान दिले की उपयोगिता प्रमाणपत्र मागावयाचे, हा २०१७ च्या सर्वसाधारण वित्तीय नियमांतला रिवाज आपणां सर्वांच्या अंगवळणी पडलेला आहे. रक्कम ज्या कामासाठी मंजूर झाली त्याच कामावर खर्च झाली, एवढे ते प्रमाणपत्र सांगते. पॅनेल बसले, तारेला जोडले, रक्कम खात्यात गेली. प्रमाणपत्र पूर्ण झाले. महाडच्या नगरपालिकेचाही ठराव असाच पूर्ण झाला होता. पाण्याला हात लागला की नाही, हे त्या ठरावाच्या कागदाने विचारले नव्हते. आमच्या कागदांनीही उजेड कोणाच्या खोलीत पडला हे विचारण्याची सोय अद्याप ठेवलेली नाही. नियम बदलणे आमच्या हाती नाही. टिपणी लिहिणे मात्र आहे, आणि ज्या टिपणीत ‘सार्वजनिक प्रयोजन’ हे शब्द लिहावयाचे, तिच्यात त्या शब्दांपुढे गच्ची नसलेल्यांचा एक परिच्छेद जोडण्यास कोणत्याही नियमाची आडकाठी नाही.